खुर्चीची करकर

४ मार्च
त्या जुन्या रॉक बँडच्या शेवटच्या सेशनची टेप आज उतरवली. रेकॉर्डवर न घेतलेले टेक आहेत सगळे. टेप इतकी जीर्ण, की मशीनवर तपकिरी भुकटीच सांडत गेली. पुन्हा वाजणार नाही. असो, कॉम्प्युटरवर तर आली! शेवटच्या टेकनंतर कुणाचीशी खुर्ची करकरते, दार आपटतं. करकर काढून टाकली. कसं स्वच्छ झालं!

९ मार्च
बँडमधले बेसवाले काका ऐकायला आले. गिटारवाला त्यांचा सख्खा थोरला भाऊ. त्या सेशनपासून दोघांत बोलणं नाही. काकांनी सगळं मान खाली घालून ऐकलं. मग — "दादाची खुर्ची कुठंय गं? तो उठून गेला तेव्हा वाजली होती. मी रागानं वर बघितलंच नाही. त्याचं जाणं मी फक्त ऐकलंय."
"शोधते," म्हटलं. शोधते काय, कपाळ! साफ केलेली फाइल मी मूळ फाइलवरच सेव्ह केली होती. 'मूळ प्रत वेगळी ठेवा' म्हणून नव्या मुलांच्या डोक्याशी कटकट करणारी मी!

१० मार्च
खरं सांगायला फोन उचलला. ठेवला.
घरची जेवणाची खुर्ची करकरते. माइक लावला. हे म्हणाले, "माझे गुडघेही घे की, फुकट आहेत!" मला हसू आलं. कसं आलं?
एकच करकर खोटी वाटत होती. तीन टाकल्या.

१३ मार्च
काकांनी ऐकलं. "परत लाव." परत लावलं.
"तीनदा वाजली! म्हणजे उठला, पुन्हा बसला, मग गेला... थांबला होता गं तो माझ्यासाठी! आणि मी मान वर केली नाही."
तेव्हाच बोलायला हवं होतं. काका तसेच उठले, भावाच्या घरी निघाले — माफी मागायला. माझ्या खुर्चीपायी!

१४ मार्च
जेवण उभ्यानंच उरकलं.

२१ मार्च
दोघं भाऊ आले. जिन्यातच जुंपली होती — "हळू रे, पडशील." "तू पड आधी!"
थोरल्यांनी हेडफोन लावून शेवटपर्यंत ऐकलं. काका पाणी आणायला गेले, तेव्हा हळूच म्हणाले, "मी परत बसलो नव्हतो. सरळ निघून गेलो होतो."
मी तोंड उघडलं.
"ती करकर पुसलीस तर याद राख!"
काका पाणी घेऊन आले. आम्ही दोघंही गप्प.