माझा पास्ता, तिचा हात

रविवार, बोरिवली

जेवणं झाली, पण डोकं अजून तापलेलंच आहे.

सासूबाईंच्या वाढदिवसाला मी करून नेलेला मशरूम पास्ता मोठ्या जावेने स्वतःच्या काचेच्या भांड्यात ओतला. सगळ्यांनी वाहवा केल्यावर म्हणते कशी, "हाताला चव लागते गं!" माझा पास्ता, आणि हात तिचा!

आज मी आमच्यासाठी मशरूम परतत होते, तर मालाडहून तिचाच फोन. तिच्याकडे लेकीच्या सासरची माणसं जेवायला आलेली. "अगं, क्रीम टाकलं आणि सॉस फुटला! काय करू?"

गॅस बंद करून पास्ता उकडलेलं थोडं पाणी घालायचं, बस. मला माहीत होतं. तरी गोड आवाजात म्हटलं, "ताई, तुमच्या हाताला चव आहे ना, होईल नीट." आणि फोन ठेवला. काय बरं वाटलं! वाईट वाटायला हवं होतं का? नाही वाटलं. आमचा पास्ता झकास झाला. मी दोनदा वाढून घेतला.

मग मोठ्या दिरांचा ह्यांना फोन. हे ऐकत राहिले आणि हसू दाबत मला म्हणाले, "वहिनीने पाहुण्यांना सांगितलंय, पास्ता धाकट्या जावेने करून पाठवला."