सात नंबरच्या गाडीतले दोन पाहुणे

मंगळवार, २१ जानेवारी २००३

सोमेशचा फोन आला. अकरा वाजता, म्हणजे हे दुकानात गेल्यावर. साडेतीन वर्षं हीच वेळ ठरलेली.

बोट सहा फेब्रुवारीला गोव्याला लागणार. नऊ तास थांबणार! पण त्याला एकट्याला उतरता येत नाही. बोटीवरचे काही पाहुणे छोट्या गाडीतून गोवा बघायला निघतात, त्यांच्याबरोबर बोटीचा एक माणूस द्यायचा असतो. त्या दिवशी तो माणूस सोमेश.

"अव्वा, चौदा जणांची गाडी हाय, नंबर सात. दोन जागा मोकळ्या हायत. तिथल्या एजंटला सांगून तुमच्यासाठी धरल्यात. मंगेशीच्या देवळापुढं चढा. पण कामावर असताना नातलगांना भेटायला बंदी हाय. ओळख दाखवायची न्हाय."

माझ्याच पोराच्या गाडीत मी पाहुणी म्हणून बसायचं. बसेन. डिकीत बस म्हणाला असता तरी बसले असते.

म्हटलं, "अप्पांना आणू का?" म्हणाला, "आण की. दुसरी जागा त्यांचीच हाय."

बुधवार, २२ जानेवारी

ह्यांना कसं सांगावं, याच विचारात भात करपला.

जूनमध्ये चार वर्षं होतील. सोमेशने हॉटेलचा कोर्स पुरा केला आणि बोटीवर नोकरी धरली. लक्ष्मीपुरीतलं भुसाराचं दुकान तिसऱ्या पिढीवर येऊन थांबणार, हे ह्यांना सोसलं नाही. "मी बोलावल्याशिवाय ह्या उंबऱ्यात पाय ठेवायचा न्हाय," असं भर अंगणात, शेजारीपाजारी ऐकत असताना बोलून बसले. पोरगाही ह्यांचाच! रजा मिळते तेव्हा मुंबईला मित्राकडे राहतो. मी रडून बघितलं, रागावून बघितलं. त्याचं एकच — "अप्पांनी बोलावलं की येतो."

आणि हे बोलावणार नाहीत. बोललेला शब्द परत घेणं ह्यांना येतच नाही. मला खात्री आहे की मनातून कधीच बोलावून झालं आहे. पण तोंडातून निघायला नको?

रविवार, २६ जानेवारी

सांगितलं. अर्धंच. "मंगेशीला जाऊन यावं म्हणते. अभिषेक बोललेला आहे." हे पेपर वाचत होते.

"कधी?"

"सहा तारखेला."

"गुरुवारी? सोमवार सोडून महादेवाला गुरुवारी?"

पेपरचं पान उलटून म्हणाले, "नबीलालला गाडी सांग."

नबीलाल म्हणजे आमच्या गल्लीतला जीपवाला. आमच्या लेकीला, शांभवीला, बाळंतपणासाठी त्यानेच आणलं होतं. घरचाच माणूस.

ह्यांना कळलं का? कळलं असेल तर इतक्या सहज हो कसे म्हणाले?

मंगळवार, ४ फेब्रुवारी

कडक भाकरी, शेंगाची चटणी, शेंगापोळ्या. सकाळपासून चुलीपुढे. हे दोनदा स्वयंपाकघरात डोकावून गेले. "महादेव एवढं खातो व्हय?" एवढंच बोलले.

संध्याकाळी न्हाव्याकडे जाऊन आले. ह्यांचा दिवस शनिवारचा!

बुधवार, ५ फेब्रुवारी. वास्को, लॉजवर

आंबोलीचा घाट उतरताना मीच फोडलं. "तिथं सोमेश भेटणार हाय." हे खिडकीबाहेर बघत राहिले. नबीलालने गाडी उगाच हळू केली.

"ठाऊक हाय," म्हणाले.

"कसं?"

"चटणीत लसूण जास्त घातलास. त्याला लागतो तसा."

पुढे तासभर नबीलालने गाणीसुद्धा लावली नाहीत.

गुरुवार, ६ फेब्रुवारी

सगळं लिहून काढते. उद्यापर्यंत यातलं काही निसटायला नको.

निघताना पिशवी जड लागली. उघडली तर तळाला गुळाची छोटी ढेप, दुकानातल्या कागदात बांधलेली. मी ठेवली नव्हती. तशीच परत ठेवली.

मंगेशीला दर्शन घेऊन बाहेर आलो तर गाडी उभी. काचेवर मोठा सात. दारात सोमेश! पांढरा पोशाख, गळ्यापर्यंत बटणं, हातात सात नंबरची पाटी. वाळला आहे. रंगही उतरला आहे. माझे हात आपोआप पुढे गेले, ते मी पदरात घेतले. तो हसला — सगळ्यांकडे बघून हसत होता तसाच. "वेलकम, मॅडम. वेलकम, सर."

सर! स्वतःच्या बापाला! ह्यांनी मान हलवली आणि आत चढले.

गाडीत बारा गोरे, बहुतेक आमच्याच वयाचे. माझ्या शेजारी लाल टोपीची एक म्हातारी. तिने माझ्या बांगड्या मोजल्या आणि अर्धं बिस्कीट दिलं. सोमेश प्रत्येकाला गार ओला रुमाल देत होता, चिमट्याने. ह्यांच्यापुढे चिमटा आला. हे रुमालाकडे बघत राहिले. मला वाटलं, आता "नको" म्हणतात. घेतला. तोंड पुसलं, मान पुसली, घडी करून परत दिला. नजर मात्र वर केली नाही.

मला सगळं बघवत नव्हतं आणि नजरही हलवता येत नव्हती. कोणाची पिशवी उचल, कोणाला हात धरून उतरव, कोणाची छत्री धर. घरी तहान लागली तर "अव्वा, पाणी" म्हणून ओरडणारा पोरगा हा!

मग मसाल्याची बाग. तिथली गाईड पोरगी मिरीच्या वेलापुढे उभी राहून इंग्रजीत काही सांगत होती. हे मागे. तिने बशीतली वाळलेली मिरी सगळ्यांपुढे फिरवली. ह्यांनी चार दाणे उचलले, चोळले, हुंगले आणि मोठ्याने म्हणाले, "ह्यात पपईचं बी हाय."

सगळे वळले. गाईडला मराठी कळलं, ती लाल झाली. लाल टोपीवालीने सोमेशला काहीतरी विचारलं. सोमेशने ह्यांच्याकडे बघितलं. "सर, परत सांगता का? ह्यांना ऐकायचं हाय."

आणि हे सांगू लागले! दुकानात गिऱ्हाइकाला सांगतात तसं, कमरेवर हात ठेवून. मिरी वजनाला भरते कशी, सुरकुती कशी असते, पाण्यात टाकली की भरीव मिरी तळाला जाते आणि पपईचं बी वर तरंगतं. ह्यांचं एक वाक्य झालं की सोमेशचं एक इंग्रजीत. कोणीतरी पाण्याचा पेला आणला. दाणे टाकले. पाच-सहा वर आले! गोऱ्यांनी टाळ्या वाजवल्या.

मग ह्यांनी लवंगेचं काढलं. पहिलं वाक्य संपायच्या आत सोमेशने पुढचं इंग्रजीत सांगूनही टाकलं होतं — नखाने दाबली की तेल सुटलं पाहिजे. हे थांबले. पहिल्यांदाच त्याच्याकडे नीट बघितलं.

"म्हाईत हाय वाटतं," हे म्हणाले.

"लहानपणी शिकलोय, सर."

चार वर्षांनी झालेलं बोलणं हे एवढंच. पण अर्धा तास त्या दोघांचे आवाज एकामागोमाग येत होते आणि मी एका सुपारीच्या झाडाला टेकून ऐकत होते. फार सुख वाटलं.

जेवणात मासे होते. आमच्यापुढे न मागता डाळ, भात आणि वांग्याची भाजी आली. "ओन्ली व्हेज, मॅडम." ह्यांनी दोनदा भात घेतला.

बागेत पाटाच्या पाण्याने चिखल झालेला. गाडीत चढण्याआधी सोमेश प्रत्येकापुढे गुडघ्यावर बसून बूट पुसत होता. त्यांच्या कामात ते येतं म्हणे. लाल टोपीवालीचे पुसले, तिच्या नवऱ्याचे पुसले. आम्हा लिंगायतांत पायाला हात लावायचा तो जंगमांच्या, म्हणजे गुरूंच्या, नाहीतर आईबापाच्या. हे बघून ह्यांच्या कपाळावर शीर उठली. आता इथे तमाशा होणार, असं वाटलं.

मग तो ह्यांच्यापुढे बसला. ह्यांनी पाय मागे ओढला. "राहू द्या." राहू द्या! परक्या माणसाला म्हणतात तसं. सोमेशने ऐकलं नाही. पाय हातात घेतला, पायताण पुसलं, मग दुसरं. सगळ्यांना लागला त्याच्या तिप्पट वेळ लावला. वाकला तेव्हा कॉलरमागून इष्टलिंगाचा दोरा दिसला. अजून गळ्यात आहे! ह्यांनाही दिसला. उठताना त्याने तीच बोटं कपाळाला लावली, घाम पुसल्यासारखी.

मग माझे पाय पुसले. माझ्या पायांना तर चिखलच नव्हता.

परत येताना सगळ्यांना एकेक कागद आणि पेन्सिल दिली. सफर कशी झाली, बरोबरचा माणूस कसा वाटला, ते लिहून पेटीत टाकायचं. इंग्रजी मजकूर, खाली चार कोऱ्या ओळी. माझा मी कोराच टाकला, डोळ्यांनी दिसत नव्हतं. ह्यांनी खिशातलं दुकानचं पेन काढलं. मला दिसू नये म्हणून आडवा हात धरून लिहीत बसले. चारही ओळी भरल्या! कागदाची घडी घालून पेटीत टाकला.

"काय लिहिलंत?"

"तुला काय करायचंय?"

बंदराच्या फाटकापाशी आम्ही उतरलो. पिशवी मी सीटखाली "विसरले". सोमेशने पाटी छातीशी धरलेली. "थँक यू, सर." हे खाली उतरले आणि सरळ नबीलालच्या जीपकडे चालू लागले. मागे वळून बघितलंसुद्धा नाही. गाडी फाटकातून आत गेली.

नबीलालने हळूच विचारलं, "काकी, काका बोलले काय?"

"मिरीबद्दल बोलले," म्हटलं.

शुक्रवार, ७ फेब्रुवारी

कोल्हापूर. सकाळी हे नेहमीच्या वेळेला दुकानात. मी चहा दिला, बोलले नाही.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

आठ दिवस मी ह्यांच्याशी कामापुरतं बोलते. आज भांडलेच. "पोरगा पायाशी बसला हुता. एक शब्द टाकला असता — ये म्हणून. काय झिजलं असतं तुमचं?"

हे म्हणाले, "जे सांगायचं ते सांगितलंय."

"कुणाला? मिरीला?"

हे उठून बाहेर गेले. मला आता यात आशा वाटत नाही. मी मेल्यावर बोलावतील बहुतेक, खांदा द्यायला.

सोमवार, १७ फेब्रुवारी

फोन नाही. बोट कुठे असेल?

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

अकरा वाजता फोन. सोमेशचा. बोटीवरच्या साहेबाने त्याला बोलावलं. सात नंबरच्या पेटीतला एक कागद कोणालाच वाचता येईना, तो याच्याच हातात दिला. वाच आणि इंग्रजीत सांग म्हणाला. सोमेशने मला तो फोनवर वाचून दाखवला.

"मुलगा कामाला चांगला आहे. म्हाताऱ्या माणसांना जपतो. माझी काही तक्रार नाही. आता त्याला घरी पाठवून द्यावा. बसलिंगाप्पा, भुसार व्यापारी, लक्ष्मीपुरी, कोल्हापूर."

"सगळं सांगितलंस साहेबाला?"

"सगळं. हे कोण म्हणून विचारलं. वडील म्हटलं. नियम मोडला म्हणून आधी रागावला, मग कागद मलाच देऊन टाकला." मग म्हणाला, "अव्वा, हे बोलावणंच हाय न्हवं?"

"व्हय रे बाळा."

महिनाअखेर त्याचा करार संपतो. रविवारी, दोन मार्चला, सकाळच्या गाडीने येतोय. ह्यांना अजून सांगितलेलं नाही. त्या दिवशी उंबऱ्यात ह्यांनाच पुढे उभं करणार आहे.