रोह्याहून परत आलेला नारळ

अण्णा, परवा बँकेच्या नव्या मॅडम कारखान्यात आल्या होत्या. कर्जाला तारण ठेवलेला माल जागेवर आहे की नाही, हे बघायला हंगामात कोणीतरी येतंच. कच्चे गणपती, रंगवलेले गणपती, डोळ्यांच्या आखणीला बसलेले कारागीर, सगळं बघून झालं आणि त्यांची नजर वरच्या फळीवरच्या वाळक्या नारळावर गेली. हा कसला, म्हणाल्या. मी म्हटलं, वडिलांची आठवण. त्या पुढे गेल्या. मला मात्र दिवसभर हसू येत होतं. बँकेचा माणूस आणि नारळ एकत्र आले की आपल्या घरात काय होतं, ते तुमच्याइतकं कोणाला माहीत असणार?

त्या वर्षी ऐन हंगामात तुमचे चुलतभाऊ गेले आणि आपल्याला सुतक लागलं. सुतकातल्या घरचा गणपती पेणमध्ये कोणी गिऱ्हाईक पाटावर घेणार नाही. म्हणून आजोबांपासूनच्या रिवाजाप्रमाणे सगळ्या मूर्ती पेंढ्यात बसवून टेम्पोने रोह्याला, मामाकडे. मामा आईचा भाऊ, त्याला आपलं सुतक लागत नाही. टेम्पो हलायच्या आधी त्याने आपल्या अंगणात उभं राहून नारळ हातात घ्यायचा आणि मोठ्याने म्हणायचं, आजपासून हे गणपती माझे. एवढं झालं की मूर्तींचंही सुतक सुटलं. तुम्ही निर्धास्त होऊन ओट्यावर बसलात. आणि त्याच आठवड्यात बँकेचे साहेब आले. कारखाना रिकामा, झाडून पुसून स्वच्छ. तुम्ही सरळ सांगितलंत, माल रोह्याला मेव्हण्याकडे आहे. साहेब रोह्याला गेले, मामाला विचारलं, हे गणपती कोणाचे? मामा छाती पुढे काढून म्हणाला, माझे.

झालं. तारण माल परस्पर विकून बँकेला फसवलं म्हणून तुमच्यावर केस. चतुर्थीनंतर तुम्ही कर्ज फेडलंत तरी ती चालूच राहिली. खालच्या कोर्टात मामाला शपथ देऊन तोच प्रश्न विचारला आणि त्याने तेच उत्तर दिलं. तुमचे पहिले वकील आधीच विनवत होते की मेव्हण्याला जरा समजवा, माझे नाहीत म्हणून सांगायला लावा. तुम्ही ऐकलं नाहीत. "नारळ हातात घेऊन बोललाय तो," तुम्ही म्हणालात. "त्याला शब्द फिरव म्हणून मी नाय सांगणार. जाईन तुरुंगात." शिक्षा झाली आणि अपिलापुरता जामीन मिळाला. तुमच्या तोंडावर काळजी अशी दिसलीच नाही. रात्री जेवून तुम्ही घोरत पडायचात, जागी असायची ती आई. तिने भावाशी बोलणं टाकलं. तिचा नवरा आत जाणार होता आणि धाडणारा सख्खा भाऊ. दिवाळीला मामा पोह्यांची पिशवी घेऊन दाराशी आला, तर तिने पिशवी घेतली आणि दार लावलं. मला तुमचा फार राग यायचा तेव्हा. आता तोच प्रसंग आठवला की अभिमान वाटतो.

मग अलिबागच्या वकीलबाई आल्या. अपिलाचे कागद वाचून झाल्यावर म्हणाल्या, मला घर बघायचंय. आईने त्यांना चुलीजवळच पाट मांडला. तांदळाची भाकरी, वालाचं बिरडं. तुम्ही समोर जेवताय, मी पाणी देतोय, आणि बाई सहज म्हणाल्या की बिरडं छान झालंय. आईचं तोंड सुटलं ते तिथे. "माझ्या भावाला पण लय आवडतं. गणपती परत आणलेन तेव्हा नारळ पण परत दिलान. यांनी तो फोडला, मी त्याचंच वाटण लावून बिरडं केलं, तर दोनदा मागून खाल्लंन. आन कोर्टात सांगतो माझे."

वकीलबाईंचा घास हातातच राहिला. परत दिला म्हणजे काय, त्यांनी विचारलं. तुम्ही इतक्या सहज सांगितलंत, जणू जगात सगळ्यांना माहीत असतं: सुतक फिटलं की नारळ परत येतो, घरधन्याने तो फोडला की गणपती पुन्हा घरधन्याचे. बाईंनी कपाळावर हात मारला. हे कोर्टात का नाही सांगितलंत? कोणी विचारलं नाय, तुम्ही म्हणालात आणि भाकरी मोडलीत.

अपिलात सहसा नवी साक्ष घेत नाहीत. बाईंनी वेगळा अर्ज केला, तो मंजूर झाला, आणि मामा पुन्हा पिंजऱ्यात उभा राहिला. अलिबागच्या कोर्टाकडे धरमतरचा पूल ओलांडताना एसटीत आई त्याच्या मागच्याच बाकावर बसली होती, पण बोलली नाही. कोर्टात बाईंनी विचारलं, गणपती कोणाचे? मामा म्हणाला, माझे. बाईंनी शांतपणे विचारलं, कधीपर्यंत?

"भावजींचं सुतक फिटेस्तोवर," मामा म्हणाला. "नारळ परत दिला, मग माझा काय संबंध? विकले त्यांनी, पैशे त्यांचे."

जज्जसाहेबांनी विचारलं, तो नारळ कुठे आहे? मामाने आईकडे बघितलं आणि खालच्या आवाजात म्हणाला, खाल्ला. साहेबांनी चष्मा काढून पुसला, पण हसू काही लपलं नाही. तुम्ही निर्दोष सुटलात. बाहेर चहाच्या टपरीवर आईने मामाला पहिली शिवी घातली आणि मग पदर तोंडाला लावून रडली. तुम्ही मामाच्या बशीत आपला अर्धा चहा ओतलात.

पुढे तुम्ही गेलात तेही हंगामातच. मामा थकला होता, तरी आला, अंगणात उभा राहून नारळ हातात घेऊन बोलला. सुतक फिटल्यावर गणपती परत आले, नारळही आला. तो आता मी फोडायचा होता. कोयता घेऊन बसलो, पण हात उठला नाही. तो फोडला की तुमचं सुतक संपलं, आणि मला ते संपायला नको होतं. फळीवर ठेवला तो अजून तिथेच आहे. मामा दर चतुर्थीला फोनवर विचारतो, "फोडलास का रं?" मी म्हणतो, फोडतो.

तेव्हा अण्णा, रिवाजाने बघितलं तर आपल्या कारखान्यातले सगळे गणपती इतकी वर्षं मामाचेच आहेत. परवा मॅडमना मी हे सांगितलं नाही. सगळा माल माझाच आहे म्हणून त्यांच्या कागदावर सही करून दिली.