एकवीस जास्वंदी आणि माझं सुरक्षा धोरण

इंद्रपुरी, भोपाळ

तीर्थस्वरूप नीळकंठमामांना अपर्णाचा नमस्कार. गुडघा आता वाकतो का?

"तुझ्या भरवशावर मी माझी सायकलसुद्धा सोडणार नाही," असं तुम्ही म्हणालात तेव्हा मी दहा वर्षांची होते. (फाटक मीच उघडं टाकलं होतं, कबूल. पण सायकल संध्याकाळी सापडली होती!) आता मी देशाच्या सुरक्षा धोरणावर लिहिते, इथली वर्तमानपत्रं ते छापतात, आणि सीमेवरच्या टेहळणीवरचा एक मोठा लेख दिल्लीच्या मासिकाकडे गेलाय. तरी कडी लावताना तुमचं वाक्य आठवतंच.

तर झालं असं. आमच्या कॉलनीच्या बागेतली जास्वंदीची फुलं महिनाभर पहाटे गायब होत होती. अध्यक्ष सक्सेनाजी म्हणाले, "मैडम, आप तो बॉर्डर संभालती हैं, हमारे फूल क्या चीज़ हैं!" मला कोण आनंद! मी चौदा पानी धोरण लिहिलं. दूधवाला, पेपरवाला, पलीकडच्या कॉलनीतल्या भजनाच्या बायका, प्रत्येकापासून किती धोका ते मांडलं (बायकांना अडीच पानं). मग पहाटे साडेपाचला दुर्बीण घेऊन गच्चीवर बसले. शाल गुंडाळलेलं कुणीतरी आलं, छत्रीच्या मुठीने फांदी ओढून फुलं तोडू लागलं. छत्री माझी होती. मामा, शालही माझीच! तुमची बहीण किल्लीने आमचं दार उघडून आत गेली, तेव्हा मी जिन्यात तोंडात ओढणी कोंबून हसत होते.

आईला लाज? छे. "तुझा लेख दिल्लीवाले छापेपर्यंत रोज एकवीस फुलांचा नेम आहे माझा. नीट लिहिलं असतंस तर एव्हाना सुटले असते!" (बाबा गेल्यापासून ती कशासाठीही एवढ्या उत्साहाने उठलेली मी पाहिली नव्हती. हसता हसता डोळे भरले.)

रविवारी सभेत सगळे चोराचं नाव ऐकायला जमले. आई पहिल्या रांगेत, तीच शाल पांघरून. मी गंभीरपणे वाचलं: घुसखोराची ओळख पटलेली नाही, गस्त वाढवावी. सगळ्यात जोरात टाळ्या आईने वाजवल्या. गस्तीवर अर्थातच माझी नेमणूक झाली.

तुमची,
अपर्णा

ता. क. दिल्लीहून लेख परत आला. शेरा असा: सगळा धोका बाहेरून गृहीत धरला आहे, आतल्या धोक्याचा विचारच नाही. म्हणजे मला पुन्हा लिहायचंय आणि आईचा नेम चालू!

ता. क. २. आता ती उठायच्या आत रोज बाजारातून एकवीस फुलं मीच आणणार आहे. त्यासाठी तुमची सायकल पाठवाल का? नवी घेता येईल हो, पण मला तुमचीच हवी. नाहीच म्हणाल, ठाऊक आहे. तरी कुलपासकट पाठवा ना.