पंधराचे चौतीस

गदग

प्रिय पारी,

घाबरू नकोस, कोणी गेलेलं नाही. माझ्या अक्षरातलं पाकीट बघून तुझ्या मनात आधी तेच आलं असेल. तुझे दाजी ठणठणीत आहेत. मीही आहे, फक्त विकायच्या ज्वारीच्या रोट्ट्या थापून थापून उजवा खांदा संध्याकाळी दगडासारखा होतो. फोन का केला नाही म्हणशील, तर तू उचलला नसतास, आणि चुकून उचलला असतास तर मी दुसऱ्या वाक्याला ओरडले असते. कागदावर ओरडायला वेळ लागतो, तोवर राग निवतो. माझं शिक्षण चौथीपर्यंत, त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ तुझं तू लावून घे. तू सातवी शिकलेली आहेस, आणि ते तू कोणाला विसरू देत नाहीस.

सरळ मुद्द्याचं सांगते. घर माझं झालेलं नाही. अजून बारा वर्षं पाच महिने होणार नाही. मला परवाच्या अमावास्येला बावन्न पूर्ण झाली, म्हणजे कागद हातात येतील तेव्हा मी चौसष्टची. हा खांदा तोवर टिकणार नाही, हे मला वैद्याने सांगायची गरज नाही. दाजींच्या पगारात दाणापाणी भागतं, हप्ता माझ्या रोट्ट्यांवर आहे. रोट्ट्या थांबल्या की हप्ता थांबणार, आणि हप्ता थांबला की दाराला बँकेचं कुलूप. आता हसू येत असेल तर हसून घे. नऊ वर्षं सात महिने वाट बघितलीस.

गृहप्रवेशाच्या दिवशी सगळ्या पाहुण्यांच्या देखत, हातात केळीचं पान धरून, तू काय म्हणालीस ते मला शब्दाला शब्द पाठ आहे. "अक्का, ही पायरी तेवढी तुझी. आतलं सगळं बँकेचं. तू आपली भाडेकरीण, फक्त भाडं जरा जास्त." लोक हसले. दाजीसुद्धा हसले, म्हणून त्यांना मी आठ दिवस शेंगदाण्याची चटणी वाढली नाही. तुला मी म्हणाले, "जळतेस तू माझ्यावर. चालती हो." तू खरंच चालती झालीस, तेही जेवायच्या आधी. मी मनात म्हटलं, बाईसाहेब हप्त्याभरात येतील. हप्ते एकशे पंधरा झाले पारी. बँकेचेही आणि आपल्या अबोल्याचेही.

आता माझं कुठे चुकलं ते ऐक, आणि मध्ये मध्ये कपाळाला हात लावू नकोस. बाजारातला चन्नप्पा सावकार तुला आठवतो. आईने त्याच्याकडून उचल घेतली, मी घेतली, तूही शिलाई मशीनसाठी घेतलीस. दहा हजार मागितले की नऊ हजार हातावर ठेवायचा. व्याज आधीच कापलं, विषय संपला. मग रोज शंभर प्रमाणे शंभर दिवस, आणि वही बंद. मी जन्मात हाच एक हिशोब शिकले, आणि तो कधी एका रुपयाने चुकला नाही. बँकेनेही कर्ज देताना सुरुवातीला बावन्न हजार घेतले. फायलीचे, वकिलाचे, शिक्क्याचे, विम्याचे, आणखी कशाकशाचे. मी म्हटलं, झालं, हे व्याज कापलं. पंधरा लाखांवर फक्त बावन्न हजार! चन्नप्पाने दीड लाख कापले असते. खरं सांगते, मला त्या दिवशी बँकेची कीव आली होती. एवढी मोठी काचेची इमारत, आत थंडगार हवा, आणि यांना धंदा कळत नाही.

मग काय, हप्ता तेरा हजार सतरा. दर महिन्याला पाच तारखेला भरायचा आणि स्वयंपाकघराच्या दारामागे गेरूने एक रेघ मारायची. एकशे पंधरा रेघा झाल्या की चौदा लाख शहाण्णव हजार नऊशे पंचावन्न. उरले तीन हजार पंचेचाळीस. हे मी तीनदा मोजलं, एकदा ज्वारीचे दाणे मांडून. म्हणून या महिन्यात पाच तारखेला तेरा हजार न नेता बरोबर तीन हजार पंचेचाळीस रुपये नेले, सुटे पाचसुद्धा. बरोबर नारळ, विड्याची पानं, आणि बँकेतल्या माणसांसाठी पुरणाच्या चाळीस होळिगे. इरकल नेसले होते, ते हिरवं. दारातल्या शिपायाला वाटलं, कोणी साहेब निवृत्त होतोय. त्याने मला हाताला धरून खुर्चीवर बसवलं.

कर्जाच्या टेबलावर सौजन्या नावाची पोरगी आहे, सव्वीस-सत्तावीसची, चष्मेवाली. मी पैसे तिच्यापुढे ठेवले. म्हटलं, "मोजून घे आणि माझ्या घराचे कागद काढ." ती म्हणाली, "अम्मा, हे तीन हजार कसले?" म्हटलं, "उरलेले." तिने यंत्रात बघितलं, चष्मा पुसला, परत बघितलं. "अम्मा, अजून अकरा लाख पस्तीस हजार आहेत." "कोणाचे?" "तुमचे." "माझे असते तर मी तुझ्या दारात कशाला आले असते ग?" मागची रांग हसायला लागली. मग मात्र माझा तोल गेला. मी तिला चोर म्हटलं, तिच्या साहेबाला दरोडेखोर म्हटलं, आणि नारळ टेबलावर असा आपटला की तो तिथेच फुटून पाणी तिच्या कागदांवर गेलं. साहेब काचेच्या खोलीतून बाहेर आला आणि माझं तोंड बघून परत आत गेला. शिपाई तेवढा शहाणा, त्याने होळिगेंचा डबा आधी बाजूला काढला.

पण पोरगी धीराची निघाली. ओले कागद झटकले, शेजारची खुर्ची ओढली आणि विचारलं, "अम्मा, दिवसाला किती रोट्ट्या?" म्हटलं, "अडीचशे." "मग रोट्टीतच सांगते. तुमच्या पहिल्या हप्त्याच्या शंभर रोट्ट्या केल्या, तर त्यातल्या ब्याऐंशी व्याजाने खाल्ल्या. मुद्दलात पडल्या अठरा." मी म्हटलं, "व्याज तर तुम्ही आधीच कापलं, बावन्न हजार." ती माझ्याकडे बघतच राहिली. हसली नाही, हे तिचे उपकार. म्हणाली, "ते व्याज नव्हतं अम्मा. ते फायलीचे, वकिलाचे, विम्याचे आणि आणखी कशाकशाचे होते. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. सुरुवातीला मुद्दल डोंगराएवढं, म्हणून व्याज डोंगराएवढं."

मी म्हटलं, बरं, पण पहिल्यांदा सांगितलं होतं वीस वर्षं. नऊ वर्षं सात महिने गेले, राहिली दहा वर्षं पाच महिने. मग ही बारा कुठून काढलीस? तर म्हणे चार वर्षांपूर्वी व्याजाचा दर वाढला. म्हटलं, "खोटं. माझा हप्ता एका रुपयाने वाढलेला नाही. मी सगळ्या गल्लीला सांगत फिरले आहे." ती म्हणाली, "हप्ता नाही वाढला अम्मा, वर्षं वाढली. पत्र पाठवलं होतं." पारी, मी चार वर्षं शेजारच्या गिरिजव्वाच्या ओट्यावर बसून बढाई मारत होते की आमची बँक देवमाणूस आहे, बाकी सगळ्यांचा दर वाढला तरी मला हात लावला नाही. माझ्या आयुष्याची दोन वर्षं त्यांनी अलगद काढून नेली आणि मी त्यांचं कौतुक करत होते. शेवटी मी विचारलं, असंच चालू राहिलं तर एकूण किती? तिने पेन्सिलीने लिहून दिलं. चौतीस लाख तीस हजार. पंधराचे चौतीस. म्हणजे मी एक घर स्वतःसाठी बांधलं, एक बँकेसाठी, आणि वर तिच्या गुरांसाठी गोठा.

घरी येऊन दाजींना विचारलं, ते पत्र कुठे आहे? ते ट्रंकेपाशी गेले आणि एक पुस्तक काढून माझ्या हातात दिलं. तुला माहीत आहे ना, छापखान्यात बाइंडिंग करणाऱ्याचा हात कागद सुटा बघू शकत नाही. बँकेतून दरवर्षी आलेले हिशोब आणि ते दरवाढीचं पत्र, सगळं त्यांनी शिवून, पुठ्ठा घालून, लाल कापडात बांधून ठेवलं होतं. वर सोनेरी अक्षरात माझं नाव. लग्नात सुद्धा माझं नाव इतकं सुंदर कोणी छापलं नव्हतं. मी म्हटलं, "म्हणजे तुम्हाला माहीत होतं?" म्हणाले, "होतं." "मग तोंडात काय गोंद होता?" तर हा माणूस काय म्हणतो, "तू पाच तारखेला दारामागे रेघ मारायचीस ना, तेव्हा तुझं तोंड बघायचो मी. कसं सांगायचं?" आता अशा माणसाशी भांडायचं तरी कुठून? मी त्यांना चहा करून दिला. साखर जास्तच पडली.

दुसऱ्या दिवशी गल्लीतल्या बावीस जणांना जेवायला बोलावून ठेवलं होतं, कर्ज फिटल्याचं. पुरण वाटून झालेलं, माघार कशी घेणार? सगळे जेवले. गिरिजव्वा हात धुऊन म्हणते, "दाखव की ग कागद." मी म्हटलं, "बँकेत ठेवलेत, घरात उंदीर फार." ती म्हणाली, "मग मांजर पाळ." तेव्हापासून रोज एक मांजराचं पिल्लू दारात आणून सोडते आहे. तीन झाली.

एवढं रामायण तुला का सांगते आहे? आठ दिवसांनी मी परत बँकेत गेले, नारळ न घेता. आधी त्या महिन्याचा पूर्ण हप्ता दंडासकट भरला. मग सौजन्याला विचारलं, यातून बाहेर पडायचा रस्ता सांग. ती म्हणाली, "अम्मा, आता जास्त भराल ते सगळं मुद्दलात पडतं. महिन्याला तेराऐवजी अठरा हजार भरा, बारा वर्षं पाच महिन्यांची सात वर्षं चार महिने होतात. साडेतीन लाखांच्या वर वाचतात." पाच हजार वाढवले तर पाच वर्षं कमी. हे एवढं सोपं मला कोणी आधी सांगितलं नव्हतं. की सांगितलं होतं आणि मी ऐकलं नव्हतं, हे तू आता मोठ्याने म्हणू नकोस. एकोणसाठाव्या वर्षी मी मोकळी होईन. तोवर हा खांदा ओढता येईल, पण निम्मा भार कोणीतरी उचलला तरच. मुलींच्या वसतिगृहाची ऑर्डर दोनदा दारात येऊन परत गेली आहे, रोज दोनशे रोट्ट्यांची. शंभर रोट्ट्यांचा नफा बँकेच्या वाढीव हप्त्याला जातो आणि शंभरांचा थापणाऱ्या बाईला. मी दोन बायका ठेवून बघितल्या. एकीची रोट्टी उशीसारखी जाड, दुसरीच्या रोट्टीला कडा म्हणून नाही. आईच्या हातची पापडासारखी रोट्टी या जगात आता दोघींनाच येते. एक मी, आणि दुसरी कोप्पळला भाड्याच्या खोलीत राहून दीडशे मुलांच्या वसतिगृहात पातळ सांबार ढवळते आहे.

आणखी एक सांगायचं आहे. हे मी दाजींशिवाय कोणाला सांगितलेलं नाही. बिल्डर दोन खोल्यांचं घर दहा लाखांच्या कर्जात देत होता. आम्हा दोघांना त्या दोन पुष्कळ होत्या. मी तिसरी घेतली, मागच्या अंगाची, पूर्वेला खिडकी असलेली, आणि कर्ज पंधरावर गेलं. गृहप्रवेशाचं जेवण झालं की तुला हाताला धरून मागे नेणार होते आणि म्हणणार होते, ही तुझी. तू जेवायलाच थांबली नाहीस. पाच लाखांचं वरचं ओझं, त्यावरचं व्याज तू आता काढ, तू सातवी शिकलेली आहेस. त्या खोलीत नऊ वर्षं ज्वारीची पोती झोपतात. मी चुकले असं मी म्हणणार नाही. तू म्हणालीस ते खरं होतं, एवढं लिहिते. यापुढे माझा हात जात नाही.

आता हे पत्र का, ते. काल मी बँकेत अठरा हजारांच्या कागदावर सही करून आले, पुढच्या पाच तारखेपासून. सौजन्याने विचारलं, "अम्मा, वरचे पाच हजार दर महिन्याला येणार कुठून? पुढे ओढाताण व्हायला नको." मी म्हटलं, "आम्ही दोघी आहोत. माझी धाकटी बहीण पारव्वा भागीदार आहे." पोरगीने पेन खाली ठेवलं. "त्यांना विचारलंय ना?" मी म्हटलं, "विचारते." तर विचारते. सकाळच्या रोट्ट्या तू आणि मी मिळून, नफा निम्मानिम्मा, खोलीचं भाडं द्यायला निघालीस तर थोबाडीत देईन. पोती कालच हलवली, भिंतीला चुना लावून घेतला आहे, तो वाळतो आहे. उत्तर पत्राने पाठवू नकोस. पत्राला चार दिवस लागतात आणि वसतिगृहवाल्यांना मी सोमवारपासूनचं सांगून बसले आहे. कोप्पळहून सकाळी सातची बस निघते, ती पकड. पोळपाट आणू नकोस, आहे.

तुझीच, ओरडल्याशिवाय चार पानं लिहिणारी,
नीलक्का