मेरेवरून परत येणारा चेंडू

मास्तर, काल धारगळच्या शाळेत तुमच्या फोटोला हार घातला. तुम्ही गेल्याला इतकी वर्षं झाली, गावाला जाग आता आली. फोटोखाली 'यशस्वी प्रशिक्षक' असं लिहिलंय. तुमच्यानंतर गावचा फुटबॉल संघ मीच शिकवतो, म्हणून मला दोन शब्द बोलायला लावले. मी छान बोललो. आणि घरी आल्यापासून माझं डोकं फिरलंय, कारण खरं बोलायचं होतं ते मी गिळलं.

भातकापणी झाली की मळा हेच आपलं मैदान. उजव्या अंगाला शेताची मेर, गुडघाभर उंच बांध. चेंडू मेरेवर आपटला तरी खेळ थांबायचा नाही, हा गावचा कायदा. समोर कोणी आडवा आला की चेंडू मेरेवर मारायचा, त्याला वळसा घालून धावायचं आणि परत आलेला चेंडू पायात घ्यायचा, हे तुम्ही माझ्याकडून रोज घोटून घेतलंत. "मेर म्हणजे आपलो बारावो गडी," म्हणायचात. चुकलो की शिटीची दोरी पोटरीवर बसायची. त्याच डावावर आपण असल्याच मळ्यांतले कप जिंकले आणि पेडण्यापासून डिचोलीपर्यंत तुमचं नाव झालं.

मग गोवा राज्य झालं त्या वर्षी राज्याच्या संघाची निवड होती, पणजीला. आपली फायनल होऊन आठ दिवस झाले होते. तुम्ही स्वतःचे जुने बूट मला दिलेत, पुढे कापूस कोंबून. तिथे हिरवंगार मैदान आणि कडेला नुसती पांढरी रेघ. समोरचा आडवा आला, मी चेंडू उजवीकडे मारला, धावलो आणि वाट बघत उभा राहिलो. चेंडू गेला तो गेलाच. आणि एकदा नाही, तीनदा! डोक्याला कळत होतं, पायांना कळत नव्हतं. "हें शेत न्हय रे," निवड करणारा एकजण हसून म्हणाला आणि मला बाहेर बसवलं.

मी तडक तुमच्या रांदचीकुडीत आलो. तुम्ही चुलीपाशी पेज जेवत होता.

"मास्तर, तुमका खबर होती?"

"होती." फोंड्याच्या मोठ्या संघातून खेळलेला माणूस, नाही कसं म्हणणार?

"मगे सांगूक नाय कित्याक?"

"फायनल होती मरे. मागीर इसारलंय."

विसरलात! माझं अख्खं आयुष्य त्या आठ दिवसांत होतं आणि तुम्ही विसरलात? मी बूट उंबऱ्यावर टाकून निघालो. पुढे सहा वर्षं तुमच्याच संघातून खेळलो, पण तुमच्याशी धड बोललो नाही. तुमच्या आजारपणातही आलो नाही. आलो असतो तर भांडलोच असतो.

म्हणून मी संघ हातात घेतला तेव्हा पहिल्याच दिवशी मेरेच्या दोन पावलं आत चुन्याची रेघ मारली. रेघेबाहेर गेला तो चेंडू मेला. दरवर्षी मारतो. माझी मुलं कुठल्याही मैदानावर हसं करून घेत नाहीत, हे तुम्हाला ठणकावून सांगायचं होतं.

हा कागद घडी करून फोटोमागे ठेवावा असं मनात होतं. नाही ठेवत. येत्या रविवारी आपल्याच मळ्यात फायनल आहे आणि आमची उजवीकडची पोर मेरेवरून चेंडू असा घेते की बघत राहावं. पुढच्या आठवड्यात तिला निवडीला जायचंय. चुन्याची गोणी पडवीत आहे. यंदा मी ती अजून उघडलेली नाही.