चतुःसीमा आणि माझा शांत स्वभाव

१४ नोव्हेंबर १९९४, सकाळ
कोर्टाची नोटीस आली. पावसाळ्यात बांध फुटून खाडीचं पाणी ज्यांच्या शेतात शिरलं, निम्मं भात गेलं, त्यांना सरकारी मदत आहे. यादीत मी आहेच. कुणा हलकटाने अर्ज ठोकला की यादीतले लोक शेतात पाय ठेवत नाहीत. आता कोर्ट एकेकाला तपासणार. माझी तारीख २८. तपासा! सात पिढ्यांचा शेतकरी आहे मी. नोटीस आणणाऱ्याची कॉलर धरली. लगेच सोडलीही. बटण एकच तुटलं.

दुपारी १
वकील म्हणतात, चतुःसीमेवरचा एक तरी शेजारी आणा, जो सांगेल की शेत हिरामण स्वतः कसतो. सोपं आहे. उत्तरेला चुलतभाऊ सिताराम, पूर्वेला इद्रीसभाई, पश्चिमेला गिरजाबाई. दक्षिणेला खाडी.
संकल्प: २८ पर्यंत कुणावर हात उचलायचा नाही.

१५ नोव्हेंबर
सितारामकडे गेलो. साक्ष देतो म्हणाला, पन आदी सांग, यंदा शेतान भात कंचा लावलास? भाऊ भावाला असं विचारतो? कानाखाली एकच दिली. दुसरी चुकून लागली. दात पडला, पण तो आधीच हलत असणार.
उत्तर बाद. हरकत नाही.

१७ नोव्हेंबर
काल कुणालाच मारलं नाही. फार हलकं वाटलं. ऐरोलीच्या माझ्या व्हिडिओ लायब्ररीत सकाळी नऊपासून रात्री दहापर्यंत बसावं लागतं, म्हणून शेतावर मी मनाने असतो. आज एकाने कॅसेट रिवाइंड न करता परत आणली. फेकून मारली. कपाळ फुटलं. हा धंद्यातला प्रकार, संकल्पात धरत नाही.
बायको, पुतळा, पहाटे विळा घेऊन जाते ती अंधार पडल्यावर चिखलाने माखून येते. घरात केस चालू आहे, हिला काही टेन्शनच नाही. ओरडणार होतो. विळा तिच्या हातातच होता.

१९ नोव्हेंबर
इद्रीसभाईंच्या महाप्याच्या दुकानात मिठाई घेऊन गेलो. म्हणाले, कोर्टान खोटा कसा बोलू, हिरामणशेठ? शेतान तर कायम भाबीच दिसते. म्हणजे मी खोटारडा! मिठाई त्यांच्या तोंडावर, स्टूल काचेच्या कपाटावर. माझ्याच मनगटात काच घुसली. त्यांच्या मुलाने, शहजादने, आधी मला तुडवलं, मग त्यानेच रिक्षात घालून डॉक्टरकडे नेलं. सात टाके.
पूर्व बाद. संकल्प नव्याने, आजपासून.

२३ नोव्हेंबर
गिरजाबाई. सत्तरीची बाई, मारायचा प्रश्नच नाही. मी तोंड उघडायच्या आत तिनेच दांडकं घातलं. पाठीत तीन, पोटरीवर एक. ती सितारामची सख्खी मावशी, हे लक्षातच नव्हतं.
आता खाडीच उरली. वकील म्हणतात, खाडी चालणार नाही.

२८ नोव्हेंबर, कोर्टात, सकाळी ११
तिघेही आलेत! पश्चात्ताप झाला असणार. भरून आलं.

२९ नोव्हेंबर, पोलीस कोठडी (नोटिशीच्या मागे लिहितोय)
तिघांना पुतळाने आणलं होतं. जज्जसाहेबांनी मला भाताची जात विचारली. चांगली जात आहे, म्हणालो. मग तिघांनी एकामागून एक सांगितलं की नांगरणीपासून कापणीपर्यंत शेत पुतळाच कसते. यादीतलं माझं नाव खोडलं. तिथे तिचं घातलं. मी सितारामवर उडी घेतली, मध्ये शिपाई आला, त्याचं नाक फुटलं. मग चौघे माझ्यावर बसले.
जामीन राहायला कुणीतरी हवं. हवालदाराबरोबर पुतळाला निरोप धाडला. तिचं उत्तर आलं: भाताची झोडनी चालू हाय, आटपली का येतंय. किती दिस लागतात ते तुला म्हाईत आसंलच, तू शेतकरी हाईस.
शेजारच्या पाकीटमाराला विचारलं. तो म्हणाला, आठवडा तरी.